काळ्या धाग्याची गोष्ट : पडद्यावरचा चमत्कार कसा घडतो आणि तो ओळखायचा कसा?

मागच्या एप्रिलमध्ये, जयंतीच्या दोन दिवस आधी, मानपाड्यातल्या आमच्या विहाराच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर एक व्हिडिओ आला. सुरुवातीला बाबासाहेबांचा कृष्णधवल फोटो दिसतो. मग फोटोतले बाबासाहेब मान वळवतात, चष्म्याआडून थेट आपल्याकडे पाहतात आणि स्वच्छ, आजच्या मराठीत बोलू लागतात. जयंतीच्या शुभेच्छा देऊन झाल्यावर समाजाने यापुढे कोणाच्या पाठीशी उभे राहावे, हेही ते सांगतात. तासाभरात ग्रुपवर जोडलेल्या हातांची रांग लागली. रोज वंदनेला येणाऱ्या एका आजींनी व्हॉइस मेसेज टाकला. बोलताना त्यांचा गळा दाटून आला होता.

तेवढ्यात ग्रुपमधल्या एका मुलाने लिहिले, "चष्म्याच्या काचेवर उजेड डावीकडून पडलाय आणि गालावर उजवीकडून. हा व्हिडिओ बनवलेला आहे." हा मुलगा रोज डोंबिवलीहून निघतो, दादरला गाडी बदलतो आणि अंधेरीला एका व्हीएफएक्स कंपनीत कामाला जातो. खोटे दृश्य खरे वाटावे, हेच त्याचे रोजचे काम. पण त्याचे कोणी ऐकले नाही. "बाबासाहेबांवर शंका घेतोस का?" असे तिघाचौघांनी विचारले आणि तो गप्प बसला.

त्याने शंका बाबासाहेबांवर घेतली नव्हती. त्यांच्या नावावर खपवल्या जाणाऱ्या एका चित्रावर घेतली होती. हा फरक आपल्या लोकांना समजावून सांगायचा असेल, तर आधी असे चित्र बनते कसे हे आपल्यालाच समजले पाहिजे. या कामात आयुष्य घालवलेल्या माणसांची ओळख त्यासाठी उपयोगी पडेल.

केवट्टाची मागणी

दीघनिकायातले अकरावे सुत्त म्हणजे केवट्ट सुत्त. तथागत नालंदेला पावारिकाच्या आंबराईत मुक्कामाला असताना केवट्ट नावाचा एक गृहपतीपुत्र त्यांच्याकडे येतो. नालंदा हे भरभराटीचे, दाट वस्तीचे गाव आहे. एखाद्या भिक्खूला इथे चमत्कार दाखवायला सांगितले, तर लोकांची श्रद्धा आणखी वाढेल, असे त्याचे म्हणणे. तथागत नकार देतात. केवट्ट पुन्हा तेच विचारतो.

तेव्हा तथागत तीन प्रकारची प्रातिहार्ये सांगतात. पहिले ऋद्धीचे. त्याची यादीच सुत्तात आहे : एकाचे अनेक होणे, दिसेनासे होणे, भिंतीतून आरपार जाणे, पाण्यावरून चालणे, मांडी घालून आकाशातून फिरणे. दुसरे प्रातिहार्य दुसऱ्याच्या मनातले ओळखून सांगण्याचे. तिसरे अनुशासनाचे, म्हणजे शिकवणीचे. पहिल्या प्रकाराबद्दल तथागत म्हणतात की, श्रद्धाळू माणूस ते पाहून थक्क होईल, पण ज्याची श्रद्धा नाही तो म्हणेल, यात काय विशेष? गांधारी नावाची एक विद्या आहे, तिच्या जोरावर याने हे केले. असल्या चमत्कारांत आपल्याला धोका दिसतो, त्यांची आपल्याला लाज वाटते, असे तथागत स्पष्ट सांगतात आणि शिकवणीचे प्रातिहार्य श्रेष्ठ ठरवतात.

शंका घेणारा माणूस या सुत्तात मूर्ख किंवा पापी ठरत नाही, ही गोष्ट लक्षात घ्या. उलट त्याचा आक्षेप खुद्द तथागतच मांडतात आणि त्याच्या आधारे चमत्काराला नकार देतात.

गेल्या शंभर-सव्वाशे वर्षांत सुत्तातल्या त्या यादीतले जवळपास सगळे चमत्कार पडद्यावर करून झाले आहेत. गांधारी विद्येचे नाव तेवढे बदलत गेले. आधी 'ट्रिकसीन', मग 'स्पेशल इफेक्ट' आणि आता 'व्हीएफएक्स'.

दिसेनासे होणे : फाळक्यांचा थांबवलेला कॅमेरा

आपल्याकडे या विद्येची सुरुवात दादासाहेब फाळके यांच्यापासून होते. १८७० साली त्र्यंबकेश्वरला जन्मलेले फाळके मुंबईच्या जे. जे. स्कूल ऑफ आर्टमध्ये आणि बडोद्याच्या कलाभवनात शिकले. फोटोग्राफी, छपाई, जादूचे प्रयोग असे बरेच काही त्यांनी करून पाहिले होते. १९१२ साली ते लंडनला जाऊन कॅमेरा घेऊन आले. पण चित्रपटासाठी भांडवल हवे होते आणि हे नवे यंत्र काय करू शकते यावर कोणाचा विश्वास बसत नव्हता. तेव्हा त्यांनी कुंडीत वाटाणा पेरला आणि महिनाभराहून अधिक काळ कॅमेऱ्याने त्याची एकेक चौकट टिपली. ती फिल्म चालवली तेव्हा बी फुटून बघता बघता वेल वर चढताना दिसला. 'अंकुराची वाढ' नावाचे हे छोटे चित्र दाखवून त्यांनी भांडवल उभे केले. त्यात खोटे काही नव्हते. वाढ खरी होती, फक्त वेळ आवळलेली होती.

३ मे १९१३ रोजी गिरगावच्या कॉरोनेशन सिनेमॅटोग्राफमध्ये त्यांचा 'राजा हरिश्चंद्र' लागला. पुढे 'लंकादहन', 'श्रीकृष्णजन्म', 'कालियामर्दन' हे चित्रपट आले. देव प्रकट होणे आणि अंतर्धान पावणे यांत सतत होते.

या प्रकाराची सगळ्यात सोपी युक्ती अशी. कॅमेरा तिवईवर घट्ट बसवायचा. नट उभा असताना चित्रण सुरू करायचे. मग कॅमेरा थांबवायचा, बाकीच्यांनी जागच्या जागी उभे राहायचे, नटाने चौकटीबाहेर जायचे आणि पुन्हा कॅमेरा सुरू करायचा. मधला काळ फिल्मवर उमटतच नाही, त्यामुळे माणूस क्षणात नाहीसा झालेला दिसतो. आज कोणीही मोबाईलवर हे करू शकतो. विहारात मुलांचे शिबिर असेल तेव्हा जरूर करून दाखवा. दहा मिनिटांचे काम आहे आणि ते मूल पुन्हा कोणत्याही बुवाच्या व्हिडिओला सहज भुलणार नाही.

त्या काळी असे चित्रपट पाहताना प्रेक्षक पडद्यासमोर हात जोडत, लोटांगण घालत, असे सांगितले जाते. पण याच फाळक्यांनी १९१७ साली चित्रपट कसा तयार होतो हे दाखवणारे एक छोटे चित्रही बनवले. म्हणजे चमत्कार दाखवणाऱ्यानेच पडद्यामागची खटपटही दाखवली. आपल्या दृष्टीने फाळक्यांचे हे काम 'राजा हरिश्चंद्र'इतकेच मोलाचे आहे.

आकाशात तरंगणे : बाबूभाईंचा धागा

आता ज्यांच्या धाग्यावरून या लेखाला नाव दिले आहे, त्या बाबूभाई मिस्त्रींकडे येऊ. जन्म १९१८, सुरतेचा. सगळी कारकीर्द मुंबईत. हॉलिवूडचा 'द इन्व्हिजिबल मॅन' १९३३ साली आला होता. तसे काही आपल्याकडे करता येईल का, असे दिग्दर्शक विजय भट्ट यांच्या मनात आले आणि १९३७ सालच्या 'ख्वाब की दुनिया'साठी ते काम तरुण बाबूभाईंकडे आले. वस्तू आपोआप उचलल्या जाताहेत, हवेत फिरताहेत असे दाखवायचे होते. हाताशी होते ते कॅमेरा, दिवे, काळे कापड आणि काळा धागा. बाबूभाईंनी काळ्या पार्श्वभूमीवर काळ्या धाग्याने वस्तू टांगल्या आणि हलवल्या. पडद्यावर वस्तू दिसली, धागा दिसला नाही. तेव्हापासून चित्रपटसृष्टीत त्यांचे नावच 'काला धागा' पडले.

धागा का दिसत नाही, हे समजून घेण्यासारखे आहे. फिल्मवर चित्र उमटते ते प्रकाशामुळे. काळी वस्तू प्रकाश जवळजवळ परत पाठवतच नाही, म्हणून तिच्या जागी फिल्म कोरीच राहते. पण धाग्यावर चुकीच्या कोनातून दिव्याची तिरीप पडली तर तो चमकतो आणि सगळे बिंग फुटते. म्हणजे खरी कारागिरी धाग्यात नसून दिवा कुठे ठेवायचा यात आहे. छायालेखन आणि ट्रिक ही दोन वेगळी खाती वाटली, तरी मुळात ती एकच विद्या आहे. उजेड कुठून येतो आणि कशावर पडतो, हे जाणण्याची.

फिल्म काळ्या जागी कोरी राहते, याच गुणावर पुढची मोठी युक्ती उभी आहे. आधी काळ्या पडद्यासमोर एका नटाचे चित्रण करायचे. फिल्म उलटी गुंडाळून पहिल्या जागी आणायची आणि तिच्यावरच दुसरे दृश्य टिपायचे. कोऱ्या राहिलेल्या भागात दुसरे दृश्य उमटते आणि दोन्ही एकत्र दिसतात. याला डबल एक्स्पोजर म्हणतात. नटाची आकृती पुसट ठेवली की तो भिंतीतून आरपार जाताना दिसतो. भिंगापुढे अर्धा भाग झाकणारे आवरण लावून आधी डावी बाजू आणि मग उजवी बाजू टिपली की एकच माणूस चौकटीत दोनदा दिसतो. सुत्तातले 'एकाचे अनेक होणे' ते हेच. १९४२ च्या 'मुकाबला'मध्ये नाडियाचा डबल रोल होता. त्याच्या दिग्दर्शनात बाबूभाई होते.

पुढे त्यांनी 'संपूर्ण रामायण' (१९६१), 'पारसमणी' (१९६३), 'महाभारत' (१९६५) असे चित्रपट दिग्दर्शित केले. १९९० साली आलेला 'हातिमताई' हाही त्यांचाच. म्हणजे 'ख्वाब की दुनिया'पासून मोजले तर त्रेपन्न वर्षे हा माणूस काम करत होता. २० डिसेंबर २०१० रोजी मुंबईत त्यांचे निधन झाले, तेव्हा ते ९२ वर्षांचे होते. देशभरच्या लोकांच्या मनात पौराणिक कथांची जी चित्रे घट्ट बसली आहेत, उडणारे रथ, हवेत एकमेकांवर आदळणारे बाण, त्यातली कितीतरी या एका कारागिराच्या परंपरेतून आली आहेत. लोकांना रथ आठवतो, धागा ओढणारा हात आठवत नाही.

पाणी आणि डोळा : प्रभातचे दोन नमुने

हे तंत्र देवादिकांसाठीच वापरले गेले असे नाही. मराठी माणसाने ते समाजाचे प्रश्न मांडायलाही वापरले. १९४१ साली आलेल्या प्रभातच्या 'शेजारी'चा शेवट धरण फुटण्याच्या दृश्याने होतो. अशी दृश्ये लहान प्रतिकृतींवर घेतात. पण खेळण्यातल्या धरणाचे पाणी भस्सकन खाली पडते, ते मोठ्या धरणासारखे वाटत नाही. यावर उपाय म्हणजे कॅमेरा जास्त वेगाने चालवून चित्रण करायचे आणि नेहमीच्या वेगाने दाखवायचे. पाणी संथ, जड आणि प्रचंड वाटू लागते. याचे गणितही आहे : प्रतिकृती १६ पट लहान असेल तर कॅमेऱ्याचा वेग ४ पट हवा. १६ चे वर्गमूळ ४. ज्यांना 'गणिताचा पुढे काय उपयोग' असा प्रश्न पडतो, त्यांनी हे उदाहरण लक्षात ठेवावे.

दुसरा नमुना १९३४ च्या 'अमृतमंथन'चा. बळी देण्याची प्रथा बंद करू पाहणारा राजा आणि ती चालू ठेवू पाहणारा राजगुरू यांच्यातला हा झगडा. व्ही. शांताराम यांच्या या चित्रपटात राजगुरूच्या एका डोळ्याचा पडदाभर मोठा क्लोजअप आहे. तो टेलिफोटो भिंगाने घेतलेला आहे. इथे कॅमेऱ्याने देव प्रकट केला नाही. देवाच्या नावाने सत्ता गाजवणाऱ्याचा डोळा प्रेक्षकांसमोर धरला. साधन तेच, काच आणि उजेड. ते कशासाठी वापरायचे हे वापरणाऱ्यावर असते.

डोळ्यांतून निघालेल्या ज्योती : पीटर परेरा

संगणक येण्याआधीच्या पिढीतले सगळ्यात गाजलेले नाव पीटर परेरा यांचे. ते छायालेखक होते आणि ट्रिकचे उस्तादही. मनमोहन देसाईंचे 'अमर अकबर अँथनी' (१९७७), 'कुली' (१९८३), 'मर्द' (१९८५) हे चित्रपट त्यांच्या कॅमेऱ्याने टिपलेले आहेत.

'अमर अकबर अँथनी'मधला तो प्रसंग आठवा. कव्वाली सुरू आहे, साईबाबांच्या मूर्तीच्या डोळ्यांतून दोन ज्योती निघतात, तरंगत येतात आणि आंधळ्या आईच्या डोळ्यांत शिरतात. आईला दिसू लागते. लहानपणी गणपतीच्या दिवसांत पडद्यावर हा प्रसंग पाहताना आम्हीही श्वास रोखून धरला होता. आता वर सांगितलेली युक्ती लावून पाहा. काळ्यासमोर ज्योत टिपली की तिच्याभोवतीची फिल्म कोरी राहते, म्हणून ती दुसऱ्या कोणत्याही दृश्यावर बसवता येते.

मग आला 'मिस्टर इंडिया', १९८७ साली. दिग्दर्शन शेखर कपूर यांचे, कॅमेरा बाबा आझमींचा आणि स्पेशल इफेक्ट पीटर परेरांचे. नायक अदृश्य होतो, फक्त लाल उजेडात दिसतो. त्यातल्या एका प्रसंगात अदृश्य नायक हनुमानाची मूर्ती हातात घेऊन गुंडांना बडवतो. गुंडांना वाटते देवच मारतो आहे. प्रेक्षकाला मात्र माहीत असते की मूर्तीमागे एक माणूस आहे. हसू येते ते या माहितीमुळे. चमत्कारामागचा हात ठाऊक असलेला प्रेक्षक घाबरत नाही, तो हसतो. आमच्या विहारातल्या मुलांना मी हाच प्रसंग दाखवतो आणि विचारतो, तुम्ही गुंडांच्या बाजूला बसला आहात की प्रेक्षकांत?

इथे एक सांगितले पाहिजे. कोणाच्या श्रद्धेची टिंगल करण्यासाठी हे लिहिलेले नाही. चित्रपट ही कल्पना आहे हे चित्रपटगृहात बसलेल्या प्रत्येकाला माहीत असते. बाबूभाई किंवा परेरा यांनी कोणाला फसवले नाही, त्यांनी आपले नाव लावून आपले काम केले. प्रश्न सुरू होतो तो नाव न लावता, 'हे खरे आहे' असे सांगून चित्र पाठवले जाते तेव्हा.

संगणक आला, हात राहिले

आज धाग्याची जागा संगणकाने घेतली आहे. नटाला हिरव्या पडद्यासमोर उभे करतात आणि संगणकाला सांगतात की हिरवे तेवढे काढ. काळ्या कापडाच्या जागी हिरवे कापड आले, मुद्दा तोच. नटाच्या पाठीला बांधलेल्या तारा आता लपवाव्या लागत नाहीत, नंतर पुसता येतात. पण पुसायला माणूस लागतो. जिथे हिरवा पडदा नसतो, तिथे माणसाची कडा चौकटीमागून चौकट आखत जावे लागते. या कामाला रोटो म्हणतात. चित्रपटात सेकंदाला २४ चौकटी असतात. म्हणजे पाच सेकंदांच्या दृश्यासाठी १२० चौकटींत केस, बोटे, साडीचा पदर यांची कड सांभाळायची.

जगभरच्या मोठ्या चित्रपटांचे असे बरेच काम भारतात होते. मुंबईत १९९७ साली सुरू झालेली प्राइम फोकस ही कंपनी २०१४ मध्ये लंडनच्या डबल निगेटिव्हशी जोडली गेली. 'इंटरस्टेलर', 'ड्यून' अशा चित्रपटांच्या व्हिज्युअल इफेक्टसाठी याच समूहाच्या कामाला ऑस्कर मिळाले आहे. ठाणे, कल्याण, डोंबिवली, उल्हासनगर भागातली आपलीही मुले या क्षेत्रात आहेत. बहुतेकजण रोटो आणि साफसफाईच्या पहिल्या पायरीवर.

ही पायरी कमी प्रतीची नाही, पण तिथेच अडकणे धोक्याचे आहे. कामाची वेळ ठरलेली नसते. चित्रपटाची तारीख जवळ आली की रात्रपाळ्या सुरू होतात. कंत्राट संपले की काम संपते. फेब्रुवारी २०२५ मध्ये टेक्निकलर हा जगातला जुना, मोठा समूह कोसळला आणि भारतातल्या हजारो कलाकारांच्या नोकऱ्या काही दिवसांत गेल्या. शिवाय कडा आखण्याचे काम आता यंत्र स्वतःच करू लागले आहे. ज्याला फक्त बटणे येतात त्याची जागा यंत्र घेणार. ज्याला उजेड कळतो त्याची जागा घेणे यंत्राला अवघड आहे.

म्हणून या क्षेत्रात जाऊ इच्छिणाऱ्या तरुणांनी लाखो रुपये भरून सॉफ्टवेअरचा कोर्स लावण्याआधी थोडे थांबावे. चित्रकला, फोटोग्राफी, सावलीचा अभ्यास याने सुरुवात करावी. ब्लेंडर हे सॉफ्टवेअर पूर्ण मोफत आहे, त्यावर घरी सराव करता येतो. पुण्यात प्रभात स्टुडिओच्याच जागेत १९६० साली सुरू झालेल्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये छायालेखनाचा रीतसर अभ्यासक्रम आहे. ती केंद्र सरकारची संस्था असल्याने तिथे अनुसूचित जातींसाठी राखीव जागा आहेत. १९९० च्या दुरुस्तीनंतर धर्मांतरित बौद्धांनाही त्या लागू होतात. आपली मुले डॉक्टर, इंजिनिअर, स्पर्धा परीक्षा यांची माहिती गोळा करतात, या जागांची चौकशीही करत नाहीत. पूर्वी हे काम स्टुडिओत उस्तादाच्या हाताखाली राहून शिकावे लागे आणि तिथे शिरायला ओळख लागे. ज्यांची ओळख नव्हती ते सेटवर सामान उचलत राहिले. आता दार निदान अर्धे उघडे आहे.

व्हिडिओ आला तर काय पाहायचे?

आता पुन्हा ग्रुपवरच्या त्या व्हिडिओकडे येऊ. पूर्वी एका चमत्कारासाठी बाबूभाईंना दिवे, धागे आणि माणसे लागत. आज एक फोटो आणि थोडा आवाज मिळाला की कृत्रिम बुद्धिमत्तेच्या साधनांनी तो फोटो बोलायला लावता येतो. तेही काही मिनिटांत, घरबसल्या. असा व्हिडिओ आला की पुढच्या गोष्टी पाहाव्यात.

१. उजेड कुठून येतो? नाकाची सावली, गालावरची चमक, चष्म्यातले प्रतिबिंब आणि मागच्या भिंतीवरची सावली यांचा मेळ बसतो का?

२. ओठ मिटतात का? प, फ, ब, भ, म ही अक्षरे ओठांशी येणारी आहेत. 'भीम', 'बुद्ध', 'माझ्या बांधवांनो' म्हणताना ओठ एकमेकांना लागलेच पाहिजेत. ते उघडेच राहिले तर आवाज वरून बसवलेला आहे.

३. कडा पाहा. केस, कान, चष्म्याची दांडी, कोटाची कॉलर इथे चित्र थरथरते किंवा विरघळते का?

४. मागच्या पाट्या वाचा. बनवलेल्या चित्रात देवनागरी अक्षरे अनेकदा वेडीवाकडी, अर्थहीन येतात.

५. आणि सगळ्यात महत्त्वाचे, उगम विचारा. हे केव्हाचे, कुठले, कोणी टिपलेले? मूळ कुठे आहे?

पहिल्या चार खुणा दिवसेंदिवस पुसट होत जाणार आहेत, कारण साधने सुधारत आहेत. उद्या उजेडही बरोबर पडेल आणि ओठही मिटतील. पाचवा प्रश्न मात्र जुना होणार नाही. केवळ ऐकले म्हणून, परंपरा आहे म्हणून, मोठ्या माणसाने सांगितले म्हणून मानू नका, हे कालाम सुत्त आपण दर पौर्णिमेला ऐकतो. त्यात आता 'डोळ्यांनी पाहिले म्हणून' हेही धरायला हवे.

बाबासाहेबांच्या बाबतीत उगम तपासणे अवघड नाही. त्यांचे लेखन आणि भाषणे महाराष्ट्र शासनाने १९७९ पासून खंडांत प्रकाशित केली आहेत, सुरुवातीचे खंड वसंत मून यांनी संपादित केले. १९५५ साली बीबीसीने घेतलेल्या मुलाखतीचे ध्वनिमुद्रण उपलब्ध आहे. त्यांचा खरा आवाज, बोलण्याची खरी लय त्यात ऐकता येते. ज्या विहारात हे खंड कपाटात आहेत, तिथल्या ग्रुपवर बनावट वाक्य फिरत असेल तर कपाटाची किल्ली शोधण्याची वेळ आली आहे, असे समजावे.

खऱ्या चित्राची किंमत

खोटे चित्र का थोपवायचे याचे एक कारण फसवणूक हे आहेच. दुसरे त्याहून मोठे आहे. खोटी चित्रे वाढली की खऱ्या चित्रांवरचाही विश्वास उडतो.

७ डिसेंबर १९५६ रोजी बाबासाहेबांची अंत्ययात्रा राजगृहातून निघाली आणि दादरच्या चौपाटीवर पोहोचली. तो जनसागर आज आपण हलत्या चित्रात पाहू शकतो ते नामदेव व्हटकर यांच्यामुळे. आपल्याच समाजातले हे लेखक आणि चित्रपटकार. हा दिवस फिल्मवर टिपला गेला पाहिजे, हे त्यांना त्या दुःखातही उमगले. पैसे नव्हते, तेव्हा त्यांनी आपला छापखाना गहाण टाकला आणि चित्रीकरण करून घेतले. त्या फिल्ममध्ये एकही ट्रिक नाही. दिवे नाहीत, धागा नाही, होता तेवढा उजेड आणि माणसेच माणसे. उद्या कोणी यंत्रावर याहून सफाईदार अंत्ययात्रा बनवेल, रंगीत, वरून घेतलेली, अश्रू स्पष्ट दिसणारी. आपल्या नातवंडांना मग व्हटकरांची ओरखडे पडलेली फिल्म फिकी वाटेल किंवा तीही बनावट असेल असे वाटेल. छापखाना गहाण टाकून मिळवलेला पुरावा आपल्याच फॉरवर्डने आपण मातीमोल करू.

'बुद्ध आणि त्यांचा धम्म' लिहिताना बाबासाहेबांनी बुद्धचरित्रातले चमत्कार बाजूला ठेवले. वृद्ध, आजारी आणि मृत माणूस पाहून सिद्धार्थाने घर सोडले, ही सर्वमान्य कथाही त्यांनी तपासून पाहिली आणि एकोणतीस वर्षांच्या माणसाने तोवर हे पाहिलेच नव्हते हे पटण्यासारखे नाही, असे मत मांडले. तथागतांच्या चरित्रालाही ज्यांनी प्रश्न विचारले, त्या बाबासाहेबांच्या नावाने आलेल्या व्हिडिओला प्रश्न विचारणे हा त्यांचा अपमान कसा होईल?

ग्रुपवर गप्प बसलेल्या त्या मुलाला आम्ही नंतर विहारात बोलावले. पुढच्या रविवारी त्याने मोबाईल, टॉर्च, काळी शाल आणि शिवणाचा काळा धागा घेऊन मुलांसमोर एक पेन हवेत तरंगवून दाखवला. मग टॉर्च थोडा सरकवला आणि धागा चमकला. सगळ्यात पुढे त्या आजी बसल्या होत्या. धागा दिसल्यावर त्या खळखळून हसल्या आणि म्हणाल्या, "अरे, मग त्या दिवशी मला असं बोलावून दाखवायचं ना."

चूक आमचीही होती. 'खोटे आहे' असे नुसते लिहून भागत नाही, दाखवावे लागते. प्रत्येक विहारात महिन्यातला एक तास यासाठी काढता येईल. लागणारे सामान घरातच आहे.

जय भीम, नमो बुद्धाय.